एका गळ्याचे गाणे, चाळीस गळ्यांसाठी

चित्रपटातले किंवा अल्बममधले गाणे बहुतेक वेळा एका गळ्यासाठी बांधलेले असते. चाल करतानाच संगीतकाराच्या मनात तो गळा असतो. कोणता सूर त्याला सहज लागतो, दम कुठवर पुरतो, कोणती हरकत त्याने घेतली की ऐकणारा मान डोलावतो, हा सगळा हिशेब चालीत मुरलेला असतो. तेच गाणे तेरा ते अठरा वर्षांच्या चाळीस मुलामुलींनी एकत्र गायचे ठरले आणि साथीला हाताशी असतील ती वाद्ये घेतली, तर मूळ गाणे जसेच्या तसे उचलून भागत नाही. पट्टी बदलावी लागते, काही जागा गाळाव्या लागतात, ओळी वाटून द्याव्या लागतात आणि ध्वनिमुद्रणात सिंथेसायझरने किंवा पन्नास व्हायोलिनांनी केलेले काम एक कीबोर्ड आणि चार व्हायोलिने कसे करतील ते ठरवावे लागते. हे संगीत संयोजकाचे काम. मोठ्यांचे गाणे मुलांसाठी सोपे करणे म्हणजेच संयोजन, असा समज शाळांमध्ये रूढ आहे. तो अपुरा आहे. गाण्यातले काय चालीचे आहे आणि काय गायकाचे, याची निवड त्यात आधी करावी लागते. चालीचे असेल ते समूहाला देता येते. गायकाचे असेल ते एक तर एकाच गळ्याकडे ठेवावे लागते किंवा सोडून द्यावे लागते.

या निवडीची उत्तम उदाहरणे इंदूरसारख्या शहरात रोज सकाळी ऐकू येतात. लता मंगेशकर यांचा जन्म 28 सप्टेंबर 1929 रोजी इंदूरचा. त्यांनी 1957 सालच्या ‘दो आँखें बारह हाथ’साठी गायलेले ‘ऐ मालिक तेरे बंदे हम’ हे गाणे हिंदी पट्ट्यातल्या आणि महाराष्ट्रातल्या असंख्य शाळांची प्रार्थना झाले. शब्द भरत व्यास यांचे, चाल वसंत देसाई यांची. देसाईंचेच 1971 सालच्या ‘गुड्डी’तले ‘हमको मन की शक्ति देना’ हे गाणे गुलजार यांनी लिहिले आणि वाणी जयराम यांनी गायले. पडद्यावरच ते शाळेची प्रार्थना म्हणून आले आणि पडद्यावरून थेट शाळांत गेले. आज ही गाणी जुनी वाटतात. शाळांनी ती उचलली तेव्हा ती ताजी फिल्मी गाणी होती.

दोन्ही गाणी समूहाने इतक्या सहज का स्वीकारली, याचे उत्तर चालीतच आहे. शब्द बहुतेक अक्षरागणिक एक सूर असे चालतात. ओळी आखूड आहेत, त्यामुळे श्वास घ्यायला ठरलेल्या जागा मिळतात. मुखडा मधल्या सप्तकात फिरतो आणि उंची अंतऱ्यासाठी राखलेली असते. देसाई मूळचे सिंधुदुर्गातल्या सोनवड्याचे. कोकणातल्या भजनाची आणि दशावताराची सामूहिक गायकी त्यांच्या भोवती होती आणि पुढे त्यांनी शाळकरी मुलांच्या मोठ्या समूहांकडून गाणी बसवून घेतली. 1953 सालच्या ‘श्यामची आई’तले मुलांच्या कोरसचे ‘छडी लागे छम छम’ हेही त्यांचेच. समूह कुठे अडखळतो हे ठाऊक असलेला माणूस चाल करायला बसला की पुढच्या संयोजकाचे निम्मे काम तिथेच होऊन जाते.

समूहाला आणि बँडला झेपेल का, हा प्रश्न आपल्याकडे एकदा थेट संविधान सभेच्या दारापर्यंत गेला होता. राष्ट्रगीत कोणते असावे याची चर्चा चालू असताना ‘वंदे मातरम्’बद्दलचा एक आक्षेप निव्वळ सांगीतिक होता: हे गीत वाद्यवृंदावर आणि लष्करी बँडवर नीट बसत नाही. ‘जन गण मन’ 1947 मध्ये न्यूयॉर्कला संयुक्त राष्ट्रांच्या महासभेच्या वेळी वाद्यवृंदाने वाजवले होते आणि त्याचा प्रभाव चांगला पडला होता. पंडित नेहरूंनी ऑगस्ट 1948 मधल्या निवेदनात हा मुद्दा मांडला. आक्षेपाला उत्तर द्यायला पुढे आले ते मास्टर कृष्णराव फुलंब्रीकर. भास्करबुवा बखले यांचे शिष्य, नाट्यसंगीतात आणि ‘प्रभात’च्या चित्रपटांत नाव कमावलेले हे गायक-संगीतकार ‘वंदे मातरम्’ झिंझोटीत गात असत. त्यांनी चाल समूहाला पेलेल अशी सरळ केली, मुंबईत नौदलाच्या बँडप्रमुखाच्या मदतीने तिची पाश्चात्त्य स्वरलिपी तयार करून घेतली आणि दिल्लीला जाऊन ती वाजवून दाखवली. 24 जानेवारी 1950 रोजी ‘जन गण मन’ राष्ट्रगीत ठरले आणि ‘वंदे मातरम्’ला समान मान देण्यात आला. निर्णयामागे राजकीय कारणेही होती, त्यामुळे मास्तरांचे संयोजन कमी पडले असे म्हणणे अन्यायाचे होईल. ख्यालगायकीत मुरलेला एक मराठी गवई कॉर्नेट आणि क्लॅरिनेटच्या हिशेबाने स्वतःची चाल पुन्हा घडवत होता, ही घटना संयोजनाच्या इतिहासात मात्र फारशी कुणी नोंदवत नाही.

तरुणांच्या वृंदगानाची चळवळ साधारण त्याच सुमारास आकार घेत होती. इप्टाच्या, म्हणजे इंडियन पीपल्स थिएटर असोसिएशनच्या, पथकांनी चौकाचौकांत समूहगीते गायली. 1945च्या सुमारास मुंबईत इप्टाबरोबर असताना रविशंकर यांनी ‘सारे जहाँ से अच्छा’ला दिलेली चाल आज शाळेपासून लष्करी बँडपर्यंत सर्वत्र वाजते. सलील चौधरी यांनी 1950च्या दशकात मुंबईत बॉम्बे यूथ क्वायर उभा केला. 1958 मध्ये रुमा गुहा ठाकुरता यांनी कलकत्ता यूथ क्वायर सुरू केला आणि त्यामागेही सलीलदा होते. पुढे मद्रासमध्ये एम. बी. श्रीनिवासन यांनी मद्रास यूथ क्वायर बांधला. मेघालयात नील नोंगकिनरिह यांनी 2001 मध्ये स्थापन केलेल्या शिलाँग चेंबर क्वायरने 2010 मध्ये दूरचित्रवाणीवरची ‘इंडियाज गॉट टॅलेंट’ ही स्पर्धा जिंकली ती हिंदी चित्रपटगीते चार आवाजांत बसवूनच. वाद्यांच्या बाजूने पाहिले तर सध्याच्या मध्य प्रदेशातलेच मैहर घराणे समोर येते. अल्लाउद्दीन खाँ यांनी पहिल्या महायुद्धाच्या अखेरीस साथीच्या रोगात अनाथ झालेल्या मुलांना शिकवून मैहर बँड उभा केला; बंदुकीच्या नळ्या कापून केलेले नलतरंग हे त्यातले एक वाद्य. मुलांना परवडणारी वाद्ये नाहीत ही अडचण त्यांनी कशी सोडवली, ते त्या नळ्यांवरून कळते.

प्रत्यक्ष कामाला सुरुवात होते ती पट्टीपासून, आणि बहुतेक समूहगीते इथेच फसतात. पेटीवरच्या भाषेत सांगायचे तर बायकांचा आवाज साधारण काळी चार-काळी पाचमध्ये आणि पुरुषांचा काळी एक-काळी दोनमध्ये बसतो. एखादे गाणे काळी चारमध्ये ध्वनिमुद्रित झाले आहे आणि अंतऱ्यात ते तार पंचमापर्यंत जाते असे धरले, तर तो पंचम मुलींच्या समूहाला काळी दोनवर, म्हणजे मधल्या पांढरी एकच्या वर एक सप्तक आणि तीन पट्ट्या, इतक्या उंचीवर लावावा लागतो. तालीम घेतलेली एखादी मुलगी तो लावेल. तीस मुली एकदम लावू लागल्या की किंकाळी होते. पट्टी पांढरी चारपर्यंत उतरवली तर तोच पंचम पांढरी एकवर येतो आणि सुखाने लागतो. पण आता मुखड्यातला मंद्र पंचम इतका खाली जातो की तो ऐकूच येत नाही. त्यामुळे पट्टी ठरवताना गाण्याचा सर्वांत उंच सूर आणि सर्वांत खालचा सूर दोन्ही लिहून काढावेत, आणि त्यांच्यातले अंतर दीड सप्तकापेक्षा जास्त असेल तर एक टोक थोड्या आवाजांकडे सोपवावे.

मुलग्यांचा प्रश्न याहून नाजूक असतो. साधारण बारा ते पंधरा या वयात मुलग्यांचा आवाज फुटतो. स्वरयंत्र वाढते, स्वरतंतू लांब आणि जाड होतात आणि बोलण्याचा सूर जवळजवळ सप्तकभर खाली उतरतो. मुलींचाही आवाज या वयात बदलतो, पण तो दोन-तीन पट्ट्यांइतकाच आणि फारसा लक्षात न येता. आवाज फुटत असताना मुलग्याजवळ भरवशाचे सूर पुष्कळदा एका सप्तकाहूनही कमी उरतात, आणि ते कोणते हे दर दोन महिन्यांनी बदलते. अशा मुलाला मुलींबरोबर गा म्हटले तर तो ताणतो, मोठ्या मुलग्यांबरोबर गा म्हटले तर खर्जात पुटपुटतो. मग शिक्षक त्याला टाळ किंवा डफ देऊन मागच्या रांगेत बसवतात. हा उपाय सोयीचा आहे आणि वाईटही. त्याऐवजी त्याच्याजवळ असलेल्या पाच-सहा सुरांतच एक वेगळी ओळ बांधून देता येते. मुख्य चाल वर चालली असताना षड्ज आणि पंचमावर टिकणारी, मुखड्याचे शेवटचे दोन-तीन शब्द तेवढे उचलणारी ओळ पुरते. पोवाड्यात शाहिरामागे झीलकरी हेच करतात. ओळ शाहिराची, तिचा शेवट उचलून धरणे झीलकऱ्यांचे, आणि त्यांना लागणारे सूर मोजकेच. पाश्चात्त्य संगीतशिक्षणात फुटत्या आवाजांसाठी वेगळी ओळ लिहिण्याचे शास्त्र विसाव्या शतकात तयार झाले. मराठी मुलखात झील धरण्याची रीत त्याआधीपासून होती, फक्त शाळेच्या गायनवर्गाने ती लोककला म्हणून बाजूला ठेवली.

पट्टी ठरली की जागांचा प्रश्न येतो. एकट्या गळ्याने घेतलेली मींड हा एक अखंड वळसा असतो. तीस गळे ती घेऊ लागले की प्रत्येकाची सुरुवात, वेग आणि शेवट वेगळा होतो आणि वळशाच्या जागी धूर राहतो. म्हणून मींड सरळ करून ती कोणत्या दोन किंवा तीन सुरांवर उभी आहे ते ठरवावे लागते आणि त्या सुरांना मात्रा वाटून द्याव्या लागतात. मुरकी आणि कणस्वर यांचेही तसेच. ‘ज्योति कलश छलके’ हे सुधीर फडके यांनी 1961च्या ‘भाभी की चूड़ियाँ’साठी बांधलेले, लताबाईंनी गायलेले गाणे या दृष्टीने पाहण्यासारखे आहे. ते भूपाच्या पाच सुरांत आहे, म्हणजे स्वरांचा विचार केला तर नवशिक्यांनाही जमावे. पण त्याचे सौंदर्य आकारातल्या हळुवार वळणांत आहे, आणि ती वळणे काढून टाकली तर पाच सूर उरतात, गाणे उरत नाही. अशा वेळी मुखडा एका मुलीकडे ठेवून समूहाला तिच्यामागे आधारस्वर आणि ओळीचा शेवट एवढेच देणे शहाणपणाचे. प्रत्येकाला सगळे गायला मिळालेच पाहिजे असा नियम कुठेही नाही.

आजच्या गाण्यांत अडचण उलट बाजूनेही येते. माईकजवळ कुजबुजत गायलेला मुखडा, ऑटोट्यूनने साफ केलेला सूर, तुकड्यातुकड्यांनी ध्वनिमुद्रित करून जोडलेल्या ओळी. अशा गाण्यात कधी श्वासाला जागाच नसते, कारण मूळ गायकाने ती ओळ एका दमात गायलेलीच नसते. समूहाला मात्र यावर एक साधे साधन उपलब्ध आहे. शेजारशेजारच्या मुलांनी वेगवेगळ्या शब्दांनंतर श्वास घ्यायचा असे आधी ठरवले की ओळ कितीही लांब असली तरी तुटत नाही. एकट्या गायकाला हे कधीच शक्य नसते. रॅपचा भाग असेल तर तो चारपाच जणांत वाटून शेवटचे शब्द सगळ्यांनी मिळून म्हणावेत. एका सुरात तीस जणांनी केलेले रॅप पाढ्यांसारखे ऐकू येते. ‘स’, ‘श’ हे वर्ण शब्दाच्या शेवटी आले की तीस तोंडांतून निघणारा ‘स्स’ असा आवाज सभागृहभर पसरतो, म्हणून ते अगदी उशिरा आणि तोकडे उच्चारायची सवय लावावी लागते.

दुसरा आवाज घालायचा की नाही, यावर संगीतशिक्षकांत दोन तट असतात. एका तटाला कॉर्ड म्हणजे रागाचा खून वाटतो. दुसऱ्याला एकसुरी गाणे मागासलेले वाटते. प्रत्यक्षात उत्तर राग ठरवतो. भूप किंवा दुर्गा यांसारख्या पाच सुरांच्या रागांत एकमेकांना लागून असलेले अर्धस्वर नसतात, त्यामुळे रागातले कोणतेही दोन सूर एकत्र वाजले तरी कानाला टोचत नाहीत. अशा चालीत एक गट दोन मात्रा किंवा एक आवर्तन मागून तीच ओळ गाऊ लागला तर आपोआप दोन आवाज तयार होतात. कार्ल ऑर्फ यांनी जर्मनीत मुलांच्या संगीतशिक्षणाची सुरुवात पाच सुरांनी केली त्याचे कारणही हेच होते.

भैरवीत गोष्ट वेगळी होते, आणि शाळांतल्या आवडत्या प्रार्थनांपैकी कितीतरी भैरवीत आहेत. ‘ऐ मालिक’चीही छाया भैरवीचीच. पाश्चात्त्य पुस्तकात ओळ संपवण्याचा ठरलेला मार्ग पंचमावर उभ्या असलेल्या कॉर्डवरून षड्जावर येण्याचा. त्या कॉर्डला शुद्ध निषाद आणि शुद्ध ऋषभ लागतो. भैरवीत हे दोन्ही कोमल. पुस्तक पाहून कीबोर्डवाला तिथे शुद्ध निषाद दाबतो आणि गाणारी मुले कोमल ऋषभाकडे निघालेली असतात. मग सगळ्यांना काहीतरी बिघडल्यासारखे वाटते आणि दोष मुलांच्या सुराला दिला जातो. कोमल सुरांनीच पंचमावर कॉर्ड बांधला तर तो अस्थिर, वाकडा निघतो. यातून वाट अशी: ओळीच्या शेवटी पंचमाऐवजी कोमल ऋषभावरचा कॉर्ड घ्यायचा, म्हणजे कोमल ऋषभ, मध्यम आणि कोमल धैवत, आणि तिथून षड्जावर उतरायचे. हे तिन्ही सूर भैरवीतलेच आहेत. षड्जावर उतरतानाही गंधार कोमलच ठेवावा किंवा सरळ वगळून षड्ज-पंचम एवढेच धरावेत. सुगम गायक भैरवीत बाराही सूर पाहुणे म्हणून आणतात हे खरे, पण पाहुणा कुठे आला आहे ते आधी चालीत तपासूनच कॉर्ड बदलावा.

कॉर्डखेरीज आणखी एक मार्ग आहे आणि भारतीय चालींना तो जास्त मानवतो. मुख्य ओळीच्या मोकळ्या जागांतून, ती श्वास घेत असताना, दुसरी सलग सुरावट फिरवायची. हिंदी चित्रपटगीतांत ही कला गोव्याच्या संयोजकांनी नावारूपाला आणली. शंकर-जयकिशन आणि ओ. पी. नय्यर यांच्यासाठी काम करणारे सेबॅस्टियन डिसूझा त्यात अग्रणी होते. त्यांच्या व्हायोलिनांच्या उपसुरावटी इतक्या गाण्यासारख्या असत की ऐकणारा त्याही गुणगुणतो. मूळचे माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस यांनी तर 1958 मध्ये मुंबईत भारतीय रागांवर आधारित रचनांसाठी मोठा वाद्यवृंद उभा केला आणि लता मंगेशकर व मन्ना डे यांना त्यासोबत गायला बोलावले. या मंडळींचे नाव रेकॉर्डवर क्वचितच छापले गेले. तरुणांच्या समूहात अशी उपसुरावट बासरीला किंवा चार मुलींच्या गटाला आकारात देता येते आणि रागाच्या चौकटीबाहेर जाण्याची वेळच येत नाही.

वाद्यांची स्वतःची पट्टी असते, हे गाणाऱ्यांच्या शिक्षकाला बऱ्याचदा उशिरा कळते. व्हायोलिनच्या चार मोकळ्या तारा पाश्चात्त्य पद्धतीत पांढरी पाच, पांढरी दोन, पांढरी सहा आणि पांढरी तीन यांवर मिळवतात, म्हणून नवशिका वादक पांढरी दोनमध्ये आनंदात असतो आणि काळी चारमध्ये घामाघूम होतो. ट्रम्पेट आणि नेहमीचे क्लॅरिनेट ही बी-फ्लॅट वाद्ये. त्यांच्या कागदावर ‘सी’ लिहिलेला असतो तेव्हा ऐकू येते ती पेटीवरची काळी पाच. आल्टो सॅक्सोफोनवर तोच ‘सी’ काळी दोन होऊन बाहेर पडतो. म्हणजे बँडच्या मुलांना एकच कागद वाटून चालत नाही. बासरी एका पट्टीची; पट्टी बदलली की बासरी बदलावी लागते. तबल्याचा दायाँ एका षड्जाला मिळवलेला असतो आणि हातोडीने तो एक-दोन पट्ट्यांपलीकडे सरकत नाही. शेवटच्या अंतऱ्यात अख्खे गाणे एक पट्टी वर नेण्याची पॉप गाण्यांतली युक्ती कीबोर्डवर एका बटणाने होते. बासरी-तबल्याच्या मेळात तिची किंमत दोन जादा वाद्ये आणि एक चुकलेली सम अशी पडते. समूह मुलींचा असेल आणि साथीला ब्रास बँड असेल तर काळी पाच दोघांनाही मानवते. व्हायोलिने असतील तर पांढरी पाच किंवा सहाचा विचार आधी करावा.

कीबोर्डचा आणखी एक त्रास सूक्ष्म आहे. त्याचा शुद्ध गंधार तानपुऱ्यातून उमटणाऱ्या गंधारापेक्षा अर्धस्वराच्या सुमारे सातव्या हिश्शाने चढा असतो. एकट्या गायकाला ते जाणवतही नाही. तीस जणांनी दीर्घ गंधार धरला आणि निम्म्यांनी कीबोर्डकडे, निम्म्यांनी तानपुऱ्याकडे कान दिला तर मात्र तो गढूळ होतो. तालीम तानपुऱ्यावर घ्यावी आणि कीबोर्ड शेवटच्या दिवसांत आणावा, हे साधे पथ्य कितीतरी वृंद पाळत नाहीत.

मूळ गाणेच जर मोठ्या वाद्यवृंदाचे असेल तर काम वजाबाकीचे होते. अजय-अतुल यांनी 2016च्या ‘सैराट’चे संगीत अमेरिकेत लॉस एंजेलिसच्या सोनी स्कोअरिंग स्टेजवर सिंफनी वाद्यवृंदाकडून वाजवून घेतले. ‘याड लागलं’ शाळेच्या मेळात बसवायचे म्हटले तर तंतुवाद्यांचे पाच थर दोन व्हायोलिने आणि एका कीबोर्डवर कसे आणायचे? इथे सगळे थर थोडेथोडे ठेवण्याचा मोह होतो आणि सगळेच पातळ होते. सर्वांत खालचा सूर आणि वरची एक उपसुरावट ठेवून मधले सगळे थर सोडावेत. त्यांची भरती गाणाऱ्यांनी आकारात केली तर उलट मूळ गाण्यात नसलेली ऊब येते. त्याच चित्रपटातल्या ‘झिंगाट’ला असली अडचण नाही. ठेका आणि आरोळी एवढ्यावर ते उभे असल्याने ताशाच्या दोन जोड्या आणि पाच ढोलांवरही ते ओळखू येते, आणि म्हणूनच ते मिरवणुकांत शिरले.

मिरवणूक म्हटली की इंदुरात राजवाडा आलाच. होळकरांचा हा सात मजली वाडा, खालचे तीन मजले दगडी आणि वरचे चार लाकडी, शहराच्या जुन्या बाजारपेठेत उभा आहे. त्याच्या समोरचा चौक म्हणजे इंदूरचे उघडे रंगमंदिरच. रंगपंचमीची गेर ही मिरवणूक इथून जाते. अनंत चतुर्दशीच्या रात्री कापडगिरण्यांच्या झाँक्या, म्हणजे चित्ररथ, आखाड्यांसह इथूनच पुढे सरकतात. गिरण्या बंद पडल्या तरी झाँक्या थांबल्या नाहीत. सभागृहासाठी केलेले संयोजन अशा चौकात उभे राहत नाही, आणि त्याची कारणे भौतिक आहेत. डोक्यावर छत नसल्याने आवाज वर निघून जातो, समूहगानाला भरीव करणारा घुमारा मिळत नाही. उलट समोर उंच भिंत असेल तर प्रतिध्वनी मिळतो. ध्वनी सेकंदाला साधारण 340 मीटर जातो. भिंत 34 मीटरवर असेल तर आवाज जाऊन परत यायला एक पंचमांश सेकंद लागतो. मिनिटाला 150 ठोक्यांच्या लयीत हा वेळ बरोबर अर्ध्या मात्रेचा आहे, म्हणजे प्रत्येक ठोक्यामागे भिंत स्वतःचा एक ठोका घालते. चौकात ढोलपथके एकमेकांपासून सुटतात त्यामागे उत्साह असतो तसा हाही हिशेब असतो.

गाणाऱ्यांचा समूह लांबवर पसरला की असेच होते. पहिल्या रांगेपासून 34 मीटरवर उभ्या असलेल्या मुलाला पुढचा ठेका सेकंदाच्या दहाव्या भागाइतका उशिरा ऐकू येतो, तो त्यावर गातो आणि त्याचे गाणे पुढे पोहोचेपर्यंत आणखी तेवढाच उशीर होतो. मोठ्या मैदानावरची समूहगीते हळूहळू मंदावत जातात ती यामुळे. उपाय कानाचा नाही, डोळ्याचा: उंचावर उभा राहून हात करणारा संचालक सगळ्यांना एकाच क्षणी दिसतो, म्हणून गाताना त्याच्या हाताकडे पाहायचे आणि ऐकू येणाऱ्या ठेक्याकडे दुर्लक्ष करायचे. हे मुलांना शिकवायला गाणे शिकवण्याइतकाच वेळ लागतो. चौकासाठी लय थोडी उतरवावी, शब्दांच्या मध्ये मोकळी जागा ठेवावी, दुसरा आवाज वगळून सगळ्यांनी एकाच सुरात गावे आणि उपसुरावट ट्रम्पेट किंवा शहनाईसारख्या दूर पोहोचणाऱ्या वाद्याला द्यावी. तीच मुले संध्याकाळी सभागृहात गाणार असतील तर संयोजनाचे दोन कागद लागतात. फार थोडे वृंद ते करतात.

महाविद्यालयीन पातळीवर स्पर्धेचे नियम संयोजनाला वेगळाच आकार देतात. इंदूरच्या देवी अहिल्या विश्वविद्यालयासह देशभरातली विद्यापीठे ज्या आंतरविद्यापीठ युवा महोत्सवांत उतरतात, तिथल्या भारतीय समूहगानात गायक सहा, साथीदार तीन आणि वेळ दहा मिनिटे अशी मर्यादा असते. चित्रपटगीत चालत नाही. सहाच आवाज म्हटल्यावर प्रत्येक आवाज वेगळा ऐकू येतो, एकमेकांच्या आड लपायला जागा नसते, आणि म्हणून तिथली संयोजने दोन-दोन आवाजांच्या तीन गटांत विचारपूर्वक विणलेली असतात. चित्रपटगीतांवरच्या बंदीमुळे लोकगीते आणि नव्या कवितांच्या चाली पुढे आल्या हा तिचा फायदा. तोटा असा की ज्या गाण्यांवर या वयाच्या मुलांचे कान घडतात, त्यांच्यावर काम करण्याची तालीम त्यांना स्पर्धेतून मिळत नाही.

राहता राहिला कायदा. 1957च्या प्रताधिकार कायद्यानुसार संगीतरचनेचे संयोजन हे तिचे रूपांतर मानले जाते आणि रूपांतराचा हक्क मूळ हक्कदाराकडे असतो. गीत आणि चाल यांचे संरक्षण कर्त्याच्या मृत्यूनंतर 60 वर्षे टिकते. वसंत देसाई 1975 मध्ये गेले, म्हणजे त्यांच्या चालींवरचा हक्क 2035 अखेरपर्यंत चालेल. शिक्षणसंस्थेत विद्यार्थ्यांनी आणि शिक्षकांनी केलेला कार्यक्रम, प्रेक्षक संस्थेतले आणि पालक एवढेच असतील तर, सवलतीत येतो. धार्मिक समारंभ, लग्नाची वरात आणि केंद्र व राज्य सरकार किंवा स्थानिक संस्थांचे अधिकृत समारंभ यांनाही सूट आहे, त्यामुळे वरातीतल्या बँडने ताजे गाणे वाजवायला हरकत नाही. तिकीट लावून केलेल्या खासगी जाहीर कार्यक्रमाला मात्र परवाना लागतो आणि तो बहुधा 1969 मध्ये स्थापन झालेल्या इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटीकडून घेतला जातो. वरच्या सवलती फक्त गाण्याला आणि वाजवण्याला आहेत. संयोजनाची स्वरलिपी छापून दुसऱ्या शाळांना विकायची किंवा समूहाचे ध्वनिमुद्रण बाजारात आणायचे झाले तर हक्कदाराची वेगळी परवानगी काढावी लागते.